गाडीचं वय नको, तिचं धावणं मोजा

आमच्या सोसायटीच्या गेल्या सर्वसाधारण सभेत दीड तास एकाच विषयावर गेला. पार्किंगमध्ये इलेक्ट्रिक गाड्यांसाठी चार्जिंगची सोय करायची की नाही? तीन गाड्या आधीच आल्या आहेत, आणखी दोन येऊ घातल्या आहेत. एक गट म्हणत होता, मुंबईची हवा सुधारायची तर सुरुवात आपल्या दारापासून व्हायला हवी. दुसऱ्याचं म्हणणं, तुमच्या गाडीच्या मीटरसाठी आमच्या मेंटेनन्सचा पैसा कशाला? आवाज चढले, जुनी उणीदुणी निघाली. आणि हा सगळा वेळ खाली फाटकाशी पाण्याचा टँकर उभा होता. आमची टाकी इमारतीच्या मागच्या बाजूला आहे, त्यामुळे टँकरवाल्याला पंप लावावा लागतो आणि पंपासाठी इंजिन चालू ठेवावं लागतं. वीस-पंचवीस मिनिटं काळा धूर तळमजल्यावरच्या खिडकीत शिरत राहतो. त्या खिडकीमागच्या आजी सकाळ-संध्याकाळ नेब्युलायझर लावून बसतात. हाच टँकर दिवसभर आसपासच्या इमारतींमध्ये खेपा मारत असतो. दीड तासाच्या चर्चेत त्याचं नावही कुणी काढलं नाही.

स्वच्छ इंधन आणि स्वच्छ वाहनं यांवरची आपली सगळी सार्वजनिक चर्चा मला त्या सभेसारखी वाटू लागली आहे. शहराच्या हवेची स्वतःहून दखल घेऊन सुरू केलेल्या सुनावणीत मुंबई उच्च न्यायालयानं जानेवारी २०२५ मध्ये राज्य सरकारला विचारलं की, पेट्रोल-डिझेलच्या गाड्या टप्प्याटप्प्यानं बंद करून फक्त सीएनजी आणि इलेक्ट्रिक गाड्या ठेवणं शक्य आहे का? सरकारनं सात जणांची समिती नेमली. त्याच वर्षी १ जुलैपासून दिल्लीत दहा वर्षांवरच्या डिझेल आणि पंधरा वर्षांवरच्या पेट्रोल गाड्यांना पंपावर इंधनच द्यायचं नाही असं ठरलं. लोक इतके खवळले की काही दिवसांतच सरकारनं माघार घेतली. दोन्हीकडचा वाद ऐका. कुठलं इंधन चांगलं, गाडी किती वर्षांची, माझी गाडी गेली तर भरपाई कोण देणार. ती गाडी दिवसाला किती धावते, कुणासाठी धावते आणि तिचा धूर कुणाच्या नाकात जातो, हे विचारणारा क्वचितच भेटतो.

माझं म्हणणं सरळ आहे. स्वच्छ इंधन आणि त्यासाठीचा सरकारी पैसा सगळ्यात आधी दिवसभर धावणाऱ्या गाड्यांना मिळाला पाहिजे. बस, एसटी, मालाचे टेम्पो, ट्रक, पाण्याचे टँकर, कचऱ्याच्या गाड्या, टॅक्सी, रिक्षा. घरच्या कारचा नंबर त्यानंतर. आज आपण नेमकं उलट करतो आहोत.

हिशेब कठीण नाही. घरची कार दिवसातले बावीस-तेवीस तास उभी असते आणि धावली तर वीस-पंचवीस किलोमीटर धावते. शहरातली बस दीडशे-दोनशे किलोमीटर धावते. म्हणजे एक बस बदलली की धावण्याच्या मापानं सात-आठ कार बदलल्यासारखं होतं, आणि मोठ्या डिझेल इंजिनाचा धूर छोट्या पेट्रोल इंजिनापेक्षा कितीतरी अधिक घातक असल्यानं खरा फरक त्याहून मोठा असतो. दहा वर्षं जुनी डिझेल कार एखाद्या निवृत्त शिक्षकाकडे असेल, आठवड्यातून एकदा भाजी आणायला बाहेर पडत असेल, तर तिच्या वयावरून हवेबद्दल काय कळतं? आणि बाजार समितीतून रोज पहाटे माल उचलणारा सहा वर्षांचा टेम्पो, ज्याच्या मीटरवर लाखोंचे आकडे फिरले आहेत, तो वयानं तरुण म्हणून निर्दोष कसा?

वयाची अट घालणाऱ्यांची बाजू मात्र मी हलकी धरत नाही. जुन्या गाड्या खरोखरच जास्त धूर ओकतात, कारण त्या जुन्या नियमांखाली बनल्या. ‘बीएस’ म्हणजे ‘भारत स्टेज’, गाडीच्या धुराची सरकारी मानकं. बीएस-४ डिझेल कारला किलोमीटरमागे २५ मिलिग्रॅम कणांची मुभा होती, १ एप्रिल २०२० पासून लागू झालेल्या बीएस-६ नियमांनी ती ४.५ मिलिग्रॅमवर आणली. त्यासोबत इंधनातलं गंधक ५० पीपीएमवरून (म्हणजे दहा लाख भागांत ५० भागांवरून) १० पीपीएमवर आलं. ते आलं नसतं तर धूर गाळणाऱ्या नव्या फिल्टरांना काही अर्थच उरला नसता. ही सुधारणा कुठल्याही मिरवणुकीशिवाय झाली आणि तिनं देशभरातल्या प्रत्येक नव्या गाडीचा धूर कमी केला. वयाच्या अटीची दुसरी बाजू अंमलबजावणीची. वय आरसी बुकावर छापलेलं असतं, त्यात वाद घालता येत नाही. धूर मोजायचा म्हटलं की आपलं पीयूसी आठवतं. मी स्वतः एका पीयूसी केंद्रावर गाडी रस्त्याच्या कडेला लावून, खाली न उतरता प्रमाणपत्र घेतलं आहे. नळी सायलेन्सरपर्यंत पोहोचलीच नाही. मुळात पीयूसीत पेट्रोल गाडीचा कार्बन मोनॉक्साइड आणि हायड्रोकार्बन तपासतात, डिझेलच्या धुराचा दाटपणा तपासतात. फुप्फुसात खोलवर जाणारे बारीक कण वजनानं मोजायची किंवा नायट्रोजनची ऑक्साइडं पकडायची सोयच त्या तपासणीत नाही. तेव्हा ‘मोजमाप भ्रष्ट आहे, म्हणून वयच बरं’ हा युक्तिवाद समजण्यासारखा आहे. फक्त त्यातून निघणारा उपाय चुकीचा आहे. तराजू खोटा असेल तर तराजू दुरुस्त करायचा, गिऱ्हाइकाचं वय बघून भाव ठरवायचा का?

दिल्लीच्या सीएनजीची गोष्ट या वादात प्रत्येक जण आपल्या सोयीनं सांगतो, म्हणून ती नीट आठवायला हवी. पर्यावरणासाठी लढणारे वकील एम. सी. मेहता यांच्या १९८५ च्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं २८ जुलै १९९८ रोजी आदेश दिला की, ३१ मार्च २००१ पर्यंत दिल्लीतल्या सगळ्या बस सीएनजीवर आणा. मुदत टळली, बसवाल्यांनी संप केले, गॅसच्या पंपांसमोर रात्र रात्र रांगा लागल्या. याच काळात केंद्रानं डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या अध्यक्षतेखाली वाहन-इंधन धोरणासाठी समिती नेमली. तिचं सूत्र असं की सरकारनं इंधन ठरवून देऊ नये, धुराची मर्यादा ठरवावी. ती कोणत्या इंधनानं गाठायची ते बाजारानं बघावं. तत्त्व म्हणून मला हे आजही पटतं. पण तेव्हाच्या दिल्लीत ते चालण्यासारखं नव्हतं, असं मला वाटतं. डिझेलमध्ये रॉकेलची भेसळ राजरोस चालायची आणि ती पकडणारी यंत्रणा दुबळी होती. कागदावरची मर्यादा कितीही कडक ठेवली तरी टाकीत काय पडतंय यावर ताबा नव्हता. सीएनजीत रॉकेल मिसळता येत नाही. न्यायालयानं एप्रिल २००२ मध्ये डिझेल बसना रोजचा दंड लावला आणि त्या वर्षअखेरीपर्यंत दिल्लीच्या शहर बसमधून डिझेल गेलं. कठोर, सरसकट हुकूम कधीकधी लागतो, हे मान्य करायलाच हवं.

पण तो हुकूम कुणावर होता? बस, टॅक्सी आणि रिक्षा यांच्यावर. म्हणजे दिवसभर धावणाऱ्यांवर. खासगी कारला त्यानं हात लावला नव्हता, तरीही दिल्लीच्या आकाशात फरक दिसला. आणि त्याच आदेशात आणखी एक वाक्य होतं, जे आज कुणी उच्चारत नाही: १ एप्रिल २००१ पर्यंत दिल्लीतल्या बसची संख्या दहा हजार करा. इंधनाचा अर्धा हुकूम पाळला गेला, बसच्या संख्येचा अर्धा विसरला गेला. बस पुरेशा आल्या नाहीत, म्हणून लोकांनी गाड्या घेतल्या. त्यात डिझेलचा भाव सरकारनं धरून ठेवलेला. २०१२ च्या सुमारास पेट्रोल आणि डिझेल यांच्यात लिटरमागे पंचवीस रुपयांहून जास्त फरक होता आणि देशात विकल्या जाणाऱ्या जवळजवळ निम्म्या नव्या कार डिझेलच्या होत्या. शेतकऱ्याच्या पंपासाठी आणि एसटीसाठी म्हणून दिलेली सवलत एसयूव्हीच्या टाकीत जात होती. ऑक्टोबर २०१४ मध्ये डिझेलचे भाव मोकळे झाले आणि मग कुठे ही लाट ओसरली. तोवर २०१२ मध्येच जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेनं डिझेलचा धूर माणसाला कर्करोग करणाऱ्या पदार्थांच्या पहिल्या गटात टाकला होता. ‘सीएनजी केलं, तरी दिल्ली काळीच’ असं म्हणणाऱ्यांनी हा मधला भाग वगळलेला असतो. सीएनजी हरलं नाही, त्याच्या जोडीला बस आल्या नाहीत.

मुंबईचंही असंच. धुरानं हैराण झालेल्या रहिवाशांच्या १९९९ च्या याचिकेतून परिवहन आयुक्त व्ही. एम. लाल यांची समिती नेमली गेली आणि पुढच्या काही वर्षांत काळी-पिवळी टॅक्सी गॅसवर गेली. टॅक्सीवाल्यांनी किटसाठी कर्ज काढलं, डिकी अर्धी सिलिंडरनं भरली, गिऱ्हाइकाची बॅग टपावर बांधायची सवय लावून घेतली, गॅससाठी तास तास रांगेत घालवले. शहराच्या हवेसाठी कुणी झीज सोसली असेल तर ती त्यांनी. सर्वांत कमी कमाई असलेल्यांवर सर्वांत आधी जबाबदारी टाकली आणि मदतीचा हात आखडता घेतला, हा त्या वेळचा अन्याय होता. आज माझ्याशी वाद घालणारे नेमकं हेच पुढे करतात: ‘दिवसभर धावणारी गाडी म्हणजे गरिबाची गाडी. तुम्ही टेम्पोवाल्याला धरणार आणि बंगल्यातल्या कारला सोडणार.’ हा आक्षेप मला सगळ्यांत जास्त बोचतो, कारण त्यात तथ्य आहे. म्हणूनच मी ‘आधी त्यांच्यावर बंदी’ म्हणत नाही, ‘आधी त्यांच्यावर खर्च’ म्हणतो. लंडननं आपला कमी-धुराचा पट्टा ऑगस्ट २०२३ मध्ये सगळ्या उपनगरांपर्यंत वाढवला, तेव्हा तिथेही कामगार-कारागिरांच्या व्हॅनवरून रान उठलं. तिथला नियम वयाचा नाही, धुराच्या मानकाचा आहे. पेट्रोल युरो-४ आणि डिझेल युरो-६ असेल तर गाडी कितीही जुनी चालते. आणि जुनी गाडी मोडीत काढण्यासाठी लंडनच्या महापौरांनी कोट्यवधी पौंडांचा निधी ठेवला. आपल्याकडे त्याच्या जोडीला ठेवण्यासारखं काय आहे?

आपल्याकडे अटल सेतूची टोलमाफी आहे. राज्याच्या २०२५ च्या ईव्ही धोरणानं इलेक्ट्रिक कार आणि बसना अटल सेतू, मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग आणि समृद्धी महामार्गावर टोल माफ केला. अटल सेतूवर कारचा एका फेरीचा टोल अडीचशे रुपये. पंचवीस-तीस लाखांची कार घेणाऱ्याला ही माफी मिळते, इलेक्ट्रिक मालवाहू गाडीला मिळत नाही. बसना दिली हे योग्यच झालं. पण ज्या मालवाहू टेम्पोनं डिझेल सोडावं म्हणून आपण जिवाचं रान करायला हवं, त्यालाच वगळायचं आणि ज्याची गाडी उभीच असते त्याला बक्षीस द्यायचं, याला हवेचं धोरण कसं म्हणायचं? इलेक्ट्रिक कार घेऊ नका असं मी म्हणत नाही. जरूर घ्या, माझ्या शेजाऱ्यांनी घेतल्या त्या चांगल्याच आहेत. पण तिजोरीतला रुपया एकच आहे, आणि तो कुठे घातला की किती धूर कमी होतो हे विचारायचा हक्क त्या खिडकीतल्या आजींनाही आहे.

या शहराला हे शिकवावं लागू नये. ‘बेस्ट’च्या जुन्या नावातच वीज आणि ट्राम एकत्र होत्या, १९०७ साली मुंबईत विजेची ट्राम सुरू झाली. ३ फेब्रुवारी १९२५ रोजी बोरीबंदर ते कुर्ला विजेची लोकल धावली. गिरण्यांच्या चिमण्यांनी आकाश काळं केलं म्हणून १९१२ मध्ये धुराविरुद्ध कायदा झाला आणि १९१५ पासून खोपोलीच्या जलविद्युत केंद्राची वीज गिरण्यांना मिळू लागली. १९६२ ते १९७१ या काळात तर मुंबईत ट्रॉलीबसही धावत होत्या. म्हणजे शंभर वर्षांपूर्वी या शहरानं वीज पहिल्यांदा सगळ्यांत जास्त धावणाऱ्या, सगळ्यांत जास्त माणसं नेणाऱ्या चाकांना जोडली. शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ च्या रात्री धावली आणि रूळ उखडले गेले. जी गोष्ट आपल्या हातात होती ती आपणच मोडली आणि आज तीच नव्यानं विकत घेतो आहोत.

त्यातही गाडं अडतंच आहे. ‘बेस्ट’कडे एके काळी चार हजारांहून अधिक बस होत्या, आज तीन हजारही नाहीत. नव्या इलेक्ट्रिक बस येताहेत, पण त्या कंत्राटदारांच्या, आणि जुन्या ज्या वेगानं भंगारात जातात त्या वेगानं नव्या येत नाहीत. एसटीनं ५,१५० इलेक्ट्रिक बस भाड्यानं घ्यायचा करार केला, त्यांतल्या मोजक्याच वेळेवर रस्त्यावर आल्या. मे २०२५ मध्ये बेस्टचं किमान भाडं पाचचं दहा झालं. बसची संख्या घटवायची, भाडं दुप्पट करायचं आणि मग लोक दुचाकी घेतात म्हणून कपाळावर हात मारायचा? चीनमधल्या शेन्झेननं २०१७ अखेरपर्यंत आपल्या सोळा हजारांहून अधिक बस विजेवर आणल्या. तिथे हुकूमशाही आहे, हे उत्तर मला माहीत आहे. पण बससाठी डेपोत चार्जर बसवायला आणि वेळेवर पैसे द्यायला हुकूमशाही लागत नाही. आणि घाईही नको. ९ डिसेंबर २०२४ च्या रात्री कुर्ल्यात इलेक्ट्रिक बसनं गर्दीत माणसं चिरडली. इतकी लांब, गिअर नसलेली गाडी चालवायचं प्रशिक्षण चालकाला पुरेसं होतं का, हा प्रश्न तेव्हा सगळ्यांनी विचारला आणि पुढे तो विरत गेला. बस बदलली म्हणजे ड्रायव्हरचं शिक्षण, त्याचा पगार, डेपोतला मेकॅनिक, सगळं बदलावं लागतं.

आणखी एक मोठा आक्षेप आहे, तोही खरा. वीज कुठून येते? देशातली सुमारे तीन चतुर्थांश वीज कोळशाची. मुंबईचा धूर नाहीसा होत नाही, तो चंद्रपूरला जातो. २,९२० मेगावॅटच्या त्या केंद्राच्या सावलीत राहणाऱ्या माणसाला ‘शून्य धूर’ लिहिलेली बस दाखवायची हिंमत आपल्यात आहे का? कोळशाच्या प्रकल्पांनी गंधक गाळणारी यंत्रं बसवावीत असा नियम डिसेंबर २०१५ मध्ये झाला, मुदतीवर मुदती वाढल्या आणि जुलै २०२५ मध्ये बहुतेक प्रकल्पांना त्यातून सूटच मिळाली. हा विदर्भावरचा उघड अन्याय आहे आणि स्वच्छ वाहनांच्या बाजूनं बोलणाऱ्यांनी तो सगळ्यांत आधी बोलून दाखवला पाहिजे. पण याचा अर्थ डिझेल चालू ठेवा असा होत नाही. चिमणी एका जागी आहे, तिच्यावर यंत्र बसवता येतं, तिच्याऐवजी उद्या सूर्याची वीज आणता येते. लाखो सायलेन्सरांवर पहारा बसवता येत नाही. शिवाय चिमणीचा धूर उंचावर सुटतो. टँकरचा, बसचा, टेम्पोचा माणसाच्या नाकाच्या उंचीवर सुटतो. सिग्नलला उभा वाहतूक पोलीस, स्टॉपवरची बाई, दप्तर घेऊन चाललेलं पोर, ही माणसं त्या धुरापासून हातभर अंतरावर असतात. ‘मुंबईत खरा प्रश्न बांधकामाच्या धुळीचा आहे’ असं म्हणणाऱ्यांनाही माझं हेच सांगणं आहे. धूळ आहेच, तिच्यावर कारवाई हवीच. पण ते सिमेंट, ती खडी आणि तो राडारोडा कशातून जातो? डिझेलच्या डंपरमधूनच ना?

इथेनॉलबद्दल थोडक्यात, कारण उसाच्या राज्यात त्यावर बोलणं अवघड असतं. पेट्रोलमध्ये वीस टक्के इथेनॉल मिसळण्याचं उद्दिष्ट २०२५ मध्ये गाठलं गेलं. शेतकऱ्याला पैसा मिळतो, तेलाची आयात घटते, ही कारणं भक्कम आहेत आणि त्यावर ते धोरण उभं राहू शकतं. पण लिटरमागे पेट्रोलपेक्षा सुमारे एक तृतीयांश कमी ऊर्जा देणारं इथेनॉल आणि डिझेलच्या बस-ट्रकला स्पर्शही न करणारं त्याचं मिश्रण शहराच्या फुप्फुसांचं औषध म्हणून खपवू नये.

तर उच्च न्यायालयाच्या प्रश्नावर राज्यानं नेमलेल्या त्या सात जणांच्या समितीनं काय करावं? गाड्यांची यादी वर्षांप्रमाणे न लावता किलोमीटरप्रमाणे लावावी. सरकार ज्यांना स्वतः पैसे मोजतं त्या गाड्या, म्हणजे कचऱ्याच्या, पाण्याच्या, रस्तेकामाच्या, आधी बदलाव्यात; कंत्राटाच्या निविदेत एक अट घातली तरी पुष्कळ होईल. टोलमाफी मालवाहू गाड्यांना द्यावी. पीयूसीच्या जागी रस्त्यावर चालत्या गाडीचा धूर लांबून मोजणारी यंत्रं आणावीत. आणि बस वाढवाव्यात, कारण कुठलंही इंधन घातलेली भरलेली बस रिकाम्या इलेक्ट्रिक कारपेक्षा शहराला कमी त्रास देते.

सभेनंतर मी खाली जाऊन टँकरवाल्या दादांशी बोललो. गाडी कधी बदलणार, असं विचारलं. त्यांनी पाइप गुंडाळता गुंडाळता सांगितलं, ‘साहेब, बीएस-६ घ्यायची तर बँक विचारते, महिन्याला किती खेपा पक्क्या? तुम्ही फोन करता तेव्हा मी येतो, पक्कं कुठं काय आहे? तुमच्या चार बिल्डिंगनी मिळून वर्षाचं बांधून द्या, मी पुढच्या महिन्यात नवी आणतो.’ मी सेक्रेटरींना सांगितलं. वर्षाच्या कराराचे घरटी महिन्याला किती रुपये वाढतील ते त्यांनी काढलं. चार्जिंगच्या वादात प्रत्येक घरावर जेवढा बोजा पडणार म्हणून भांडण झालं, त्याच्या निम्म्याहूनही ते कमी निघाले. शेजारच्या तीन सोसायट्यांना पत्र गेलं आहे. एकीचं उत्तर आलं आहे, दोघींचं यायचं आहे.